‘बिघाड’ची शेवटची ओळ

बँड बंद पडला की गाणी विसरली जातात आणि किस्से उरतात, असं म्हणतात. आमच्याकडं गाणी मुळात सातच होती, त्यातलं सगळ्यात लांब दोन मिनिटांचं. किस्से मात्र पहिल्या आठवड्यापासूनच साचायला लागले. आता चौघं कुठं मिसळ खायला बसलो, तर दुसऱ्यांदा रस्सा येईपर्यंत कुणीतरी म्हणतंच, "लगा, त्या फेट्याचं सांग की!" मग शेजारच्या टेबलावरची माणसं पाव हातात धरून आमच्याकडं तोंड करून बसतात.

तर आमच्या बँडचं नाव ‘बिघाड’. कोल्हापुरातला पहिला हार्डकोर पंक बँड. शेवटचाही आम्हीच! हार्डकोर पंक म्हणजे काय, हे ज्यांना ठाऊक नाही त्यांना आमचा ड्रमर सद्या असं सांगायचा, "रॉकचं गाणं आसतंय न्हवं? त्याच्या मागं कुत्रं लागलं की हे हुतंय." चाल कमी, वेग जास्त, आणि गाणारा गात नाही, ओरडतो.

ओरडणारा होता बंडा पाटील, कागलचा. नव्वदचं दशक संपत आलं होतं तेव्हा त्याला मुंबईच्या मामेभावानं एक कॅसेट दिली. वर नाव नाही, गाव नाही. त्यानं ती आम्हाला ऐकवली. महांत्या म्हणाला, "मर्दा, गाणं चालू कवा झालं आणि संपलं कवा?" बंडा म्हणाला, "त्येच तर हाय की!" झाला बँड.

महांत्या म्हणजे महांतेश, गडहिंग्लजकडच्या धान्य व्यापाऱ्याचा मुलगा. घरात कन्नड बोलायचा, बाहेर मराठी, आणि गिटारवर दोन्ही नाही. सद्या फाउंड्रीत कामाला आणि गणपतीत बँजो पार्टीत ढोलावर, म्हणून तो ड्रमर. मी बेस गिटार वाजवायचो, कारण तिला तारा चारच असतात.

आमचं सगळ्यात चांगलं गाणं ‘चालू हाय’. बंडानं लिहिलेलं. तो एक ओळ ओरडायचा आणि आम्ही खालून साथ द्यायचो:

कारखाना बंद — चालू हाय!
नळाचं पाणी बंद — चालू हाय!
बापाचं बोलणं बंद — चालू हाय!
कोण बंद करतोय? ये की फुडं!

ही शेवटची ओळ म्हणजे सगळं गाणं, असं बंडा म्हणायचा. बाकीच्या ओळी तिथवर पोचायला टाकलेल्या पायऱ्या. आणि गंमत अशी, की आमच्या कुठल्याही कार्यक्रमात ती ओळ कुणी ऐकलीच नाही. दर वेळी तिच्या आधी काहीतरी व्हायचं.

*

सरावाला जागा मिळेना. महांत्याच्या वडलांच्या गोडाऊनमध्ये दोनदा वाजवलं, तर हमालांनी काम थांबवलं. शेवटी पेठेतल्या तालमीत गेलो. तिथले हिंदूराव वस्ताद म्हणजे दरारा! मिशी बघूनच निम्मे पैलवान चीत व्हायचे. वाटलं, हाकलून देणार.

वस्तादांनी आमचं सामान बघितलं, आम्हाला बघितलं, आणि म्हणाले, "दुपारी या. पोरं जेवून झोपत्यात ती चारचार वाजंपातूर उठत न्हाईत. सुस्तावल्यात. तुम्ही वाजवा, म्हंजे उठतील."

अटी दोन. पायताण बाहेर काढायचं आणि आधी मारुतीच्या पाया पडायचं. आम्ही पाया पडलो, ॲम्प लावला आणि सुरू झालो. पहिल्या दिवशी सगळे पैलवान दचकून उठले. दुसऱ्या दिवशी निम्मे उठले. पंधरवड्यात असं झालं की आम्ही वाजवतोय आणि तालीमभर घोरणं चालू आहे!

एकदा सद्याच्या फाउंड्रीत जादा पाळी लागली म्हणून आम्ही गेलोच नाही. तर तीन वाजता दोन पैलवान माझ्या घरी हजर. डोळे तांबारलेले. आईला वाटलं मी मारामारी केली. त्यातला एक म्हणाला, "काय आज वाजवणार न्हाय व्हय? डोळाच लागंना की!"

वस्तादांना हे कळलं तेव्हा त्यांनी आम्हाला बोलावून घेतलं. मग म्हणाले, "ह्याला संगीत म्हणत्यात काय तुमच्यात?" पण हाकललं नाही. आठ वर्षं रोज दुपारी आम्ही तिथंच वाजवलं.

*

ड्रमसेट होता, पण त्याच्या झांजा फुटक्या. सद्या म्हणाला, "इकत कशाला आणायच्या? वततो की!" आणि साहेबाची नजर चुकवून त्यानं फाउंड्रीत काशासारख्या गनमेटलची झांज ओतली. ती इतकी जड, की दोघांनी उचलून तालमीत आणली. पहिल्यांदा लावली तेव्हा स्टँड वाकला. दुसऱ्यांदा लोखंडी तिपाई केली.

सद्यानं काठी मारली आणि देवळातल्या घंटेसारखा असा काही गंभीर नाद निघाला की बाहेर रस्त्यानं जाणारा म्हातारा थांबला, त्यानं चपला काढल्या आणि तालमीच्या दाराकडं तोंड करून हात जोडले.

बंडा चिडला. म्हणाला, "आपुन व्यवस्थेच्या इरोधात हाय, आणि लोक पाया पडायल्यात!"

*

पहिला जाहीर कार्यक्रम एका मंडळानं ठेवला. गणपतीत. "नवीन पोरं हाईत, स्टेज द्या" म्हणून. वेळ आठची. बंडानं फाटकी पँट घातली होती, ती त्याच्या आईनं आदल्या दिवशी शिवून टाकलेली, पुन्हा फाडावी लागली.

आठला सत्कार सुरू झाले. मंडप घालणाऱ्याचा, मूर्तिकाराचा, गेल्या वर्षीच्या अध्यक्षांचा, पुढच्या वर्षीच्या अध्यक्षांचा. मग निवेदक म्हणाला, "आता आपल्या लाडक्या कलाकारांचा सत्कार!" आम्हा चौघांना फेटे, शाली, नारळ. फेटा बांधणारा हाडाचा कलावंत होता. एकेका डोक्याला दहा-दहा मिनिटं!

अखेर स्टेजवर उभे राहिलो. चार हार्डकोर पंकवाले, डोक्याला कोल्हापुरी फेटे, खांद्याला शाली. सद्याचा फेटा डोळ्यांवर आलेला, त्याला ड्रम दिसेनात. ‘चालू हाय’ सुरू केलं, नळाच्या पाण्यापर्यंत पोचलो आणि वेळ संपली म्हणून माईक बंद!

बंडा अध्यक्षांकडं गेला. अक्षरशः रडकुंडीला आला होता. "ओ दादा, कार्यक्रमच झाला न्हाय!"

अध्यक्षांना खरंच कळेना. म्हणाले, "आरं, सत्कार झाला की! आनी काय पायजे?"

*

कॉलेजच्या मैदानावर मिळालेला दुसरा कार्यक्रम वस्तादांमुळे गेला. आमच्या संगीतात प्रेक्षकांनी एकमेकांना धडका मारायच्या असतात. भांडण म्हणून नाही, आनंद म्हणून. आमचे हक्काचे प्रेक्षक म्हणजे तालमीतले पैलवान. बंडानं माईकवरून सांगितलं, "भावांनो, भिडा!"

पैलवानांना असं सांगायचं नसतं! शड्डू ठोकून भिडले. कॉलेजची पोरं कडेला पळाली. आम्ही ‘बापाचं बोलणं’पर्यंत आलो आणि वस्ताद स्टेजवर चढले. त्यांनी हात वर केला. त्यांचा हात वर गेला की पेठेत सायकलीसुद्धा थांबतात. आम्ही थांबलो.

"ही काय रीत झाली?" वस्ताद गरजले. "वजनाचा मेळ न्हाय, जोड्या न्हाईत. त्या एका पोराला तिघं भिडल्यात! जोड्या लावा आधी."

मग त्यांनी स्वतः जोड्या लावल्या. बुटकं ते बुटकं, जाड ते जाड. पंच नेमला. एकेका जोडीच्या कुस्तीला आम्ही पार्श्वसंगीत द्यायचं ठरलं. एक कुस्ती काही केल्या सुटेना. बंडा म्हणाला, "वस्ताद, बरोबरीत सोडवा की. गाणं ऱ्हायलंय."

वस्तादांनी त्याच्याकडं असं बघितलं की मी दोन पावलं मागं गेलो. "निकाल लागल्याबिगर कुस्ती सोडायची न्हाय. अर्धी सोडलेली कुस्ती आणि तुमचं गाणं, दोन्ही सारखंच!"

बंडाला ते लागलं. घरी जाताना तो सायकल हातात धरून चालला. म्हणाला, "एकदा. एकदाच लोकांम्होरं शेवटची ओळ म्हणायची. मग बँड मोडला तरी चालंल."

*

अशात आला विलासदादा. गावात कुणाचंही लग्न असो, शूटिंगला विलासदादा. वीस वर्षं लग्नं काढली, पण एकाही कॅसेटवर ‘दिग्दर्शक’ म्हणून नाव नाही. त्यानं कुठंतरी ऐकलं की पुण्या-मुंबईकडं गावोगावच्या बँडवर डॉक्युमेंटरी काढतात. तालमीत आला आणि म्हणाला, "मी काढतो. नाव, ‘कोल्हापुरातील हार्डकोर पंक चळवळ’!"

पहिल्याच दिवशी त्यानं बंडाला हनुवटीखाली हात घेऊन झाडाला टेकवलं. महांत्याला गुलाब हुंगायला लावला. सद्याच्या आईला बोलावून सद्याला पेढा भरवायला लावला, तोही तीनदा, कारण "मावशी, कॅमेऱ्याकडं बघा की!" पडद्यावर एका दृश्यातून दुसऱ्यात जायला त्याच्याकडं बदामाचा आकार होता. बंडा गळ्याच्या शिरा ताणून ओरडतोय आणि त्याच्याभोवती बदाम मिटत जातोय!

मग अडचण आली. विलासदादा म्हणाला, "चळवळ म्हणायची आणि बँड एकच? एका माणसाला वरात म्हनतो का आपुन?"

म्हणून आणखी दोन बँड काढले. आम्हीच! महांत्यानं वडलांची टोपी घातली, सद्यानं मिशी चिकटवली, झाला गारगोटीचा बँड. शाहूवाडीला जाऊन भाताच्या बांधावर उभे राहिलो, झाला शाहूवाडीचा बँड. तिन्ही बँडच्या मुलाखती झाल्या. गारगोटीचा गायक म्हणून काळा चष्मा लावून बसलेल्या बंडाला विलासदादानं विचारलं, "बिघाडबद्दल काय वाटतं?"

बंडा रंगात आला होता. म्हणाला, "बिघाडात दम न्हाय. त्यांचं एक गाणं पुरं हुईत न्हाय."

नंतर ते विलासदादाच्या टीव्हीवर लावून बघितलं आणि बंडाचं तोंड उतरलं. आठवडाभर तो आमच्याशी धड बोलेना. महांत्या शेवटी वैतागून म्हणाला, "अरे, तूच म्हणालास की ते!"

"म्हणून काय झालं?" बंडा म्हणाला. "लागतंय की."

*

ह्यापुढचं सांगताना मी हसतो खरा, पण तेव्हा हसलो नव्हतो. बंडाचा आवाज बसायला लागला. काही दिवस तो नुसता खरखरायचा. घशाच्या डॉक्टरांकडं नेला. डॉक्टरांनी विचारलं, "काय करता?" बंडा म्हणाला, "गायक हाय." डॉक्टर खूश झाले. त्यांना स्वतःला नाट्यसंगीताचा नाद. म्हणाले, "वा! जरा गाऊन दाखवा पाहू."

बंडानं ‘कारखाना बंद’ एवढंच म्हटलं. बाहेर बसलेले दोन पेशंट उठून घरी गेले. कंपाउंडर काठी घेऊन आत आला.

डॉक्टरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. घशात गाठी होत्या. ऑपरेशन करायचं, नंतर तीन महिने तोंडातून शब्द काढायचा नाही, आणि ओरडणं जन्मात पुन्हा नाही. रिक्षात बसल्यावर बंडा एवढंच म्हणाला, "शेवटची ओळ ऱ्हायली लगा."

ऑपरेशनच्या आदल्या दुपारी विलासदादानं तालमीत कॅमेरा लावला. ‘चालू हाय’ पहिल्यापासून शेवटपर्यंत. लाईट गेली नाही, कुणी सत्कार केला नाही. बंडानं शेवटची ओळ अशी मारली की मारुतीपुढचा दिवा हलला. समोर प्रेक्षक म्हणजे ओळीनं झोपलेले पैलवान आणि खुर्चीत डोळे मिटून बसलेले वस्ताद. कुणी कूस बदलली नाही. पण टेपवर आलं. आम्ही म्हटलं, चला, पडद्यावर तरी लोक ऐकतील.

*

डॉक्युमेंटरी दाखवायची कुठं? विलासदादाची एका मंगल कार्यालयात ओळख. बिनलग्नाचा दिवस बघून हॉल मिळाला. पत्रिका त्याच्या नेहमीच्या प्रेसमध्ये टाकल्या. प्रेसवाल्यानं मजकूर नीट छापला, फक्त सवयीनं वर गणपती, खाली ‘आपली उपस्थिती हाच आहेर’ आणि कडेला ‘आमच्या काकांच्या पंकला यायचं हं!’ असं टाकून दिलं.

जेवणाशिवाय कोल्हापुरात माणूस येत नाही, म्हणून महांत्याच्या घरच्यांनी मसालेभात आणि जिलेबीचं बघितलं. हॉल भरला! बायका काठापदराच्या साड्या नेसून आल्या. दारात कार्यालयाच्या दोन मावशी उभ्या होत्या. त्यांना कुणी काही सांगितलं नव्हतं. आलेल्या प्रत्येकाच्या हातावर त्यांनी गुलाबपाणी शिंपडलं आणि मुठीत अक्षता दिल्या.

विलासदादानं लोडशेडिंगची वेळ बघून मुहूर्त काढला होता. अकराला पिक्चर सुरू, पावणेबाराला संपणार, बाराला लाईट जाणार. पण विलासदादा हाही कोल्हापूरचाच. अकराला त्यानं सत्कार सुरू केले! प्रेसवाल्याचा, मावशींचा, डॉक्टरांचासुद्धा. बंडा पहिल्या रांगेत गळ्याला मफलर गुंडाळून बसला होता. बोलायची बंदी. तो दोन्ही हातांनी मनगटावरचं घड्याळ दाखवत होता. विलासदादाला वाटलं त्याला घड्याळ भेट द्यायचंय. त्यानं टाळ्या वाजवायला लावल्या.

सव्वा अकरा उलटून गेल्यावर पिक्चर सुरू झालं. पडदे ओढून हॉलमध्ये अंधार केला. लोकांनी मुठीत अक्षता धरून गंभीरपणे हार्डकोर पंक बघितलं. टाकायच्या कधी ते कळेना, म्हणून कुणी मूठ सोडेना. माझ्या मागं बसलेला एक पाहुणा शेजाऱ्याला म्हणाला, "गारगोटीची पोरं ह्यांच्यापरास बरी वाजवत्यात."

शेवटी पडद्यावर तालीम आली. झोपलेले पैलवान, वस्ताद, आम्ही. कारखाना बंद, चालू हाय! नळाचं पाणी बंद, चालू हाय! बंडा खुर्चीच्या कडेला येऊन बसला. बापाचं बोलणं बंद, चालू हाय! पडद्यावरच्या बंडानं शेवटच्या ओळीसाठी छाती भरून श्वास घेतला.

आणि लाईट गेली.

विलासदादा किंचाळला, "जनरेटर! जनरेटर!" अंधारातून कार्यालयाच्या माणसाचा शांत आवाज आला, "जनरेटर लग्नालाच आसतोय."

कुणी हललं नाही. माझ्या बाजूला बंडा उठून उभा राहिल्याचं मला जाणवलं. त्यानं मफलर सोडला. मी त्याचा हात घट्ट धरला, कारण आत्ता हा ओरडला तर पुन्हा कधीच बोलणार नाही, हे मला ठाऊक होतं. मला वाटलं, गेली. ही ओळ ह्याच्या नशिबातच नाही.

तेवढ्यात मागच्या रांगेतून शड्डू ठोकल्याचा आवाज आला. आणि पाठोपाठ, आमच्याच चालीत, आमच्याच वेगात, मिशीतून आलेला आवाज:

"कोण बंद करतोय?"

हिंदूराव वस्ताद! आणि त्यांच्या मागं तालमीतले सगळेच्या सगळे पैलवान, आठ वर्षं आमच्या पुढ्यात घोरलेले, एका दमात:

"ये की फुडं!!"

खिडक्यांच्या काचा हादरल्या. पार स्वयंपाकघरात आचाऱ्याच्या हातून झारा पडला. आणि मग अंधारात सगळ्या बाजूंनी अक्षता पडायला लागल्या. डोक्यावर, खांद्यावर, प्रोजेक्टरवर. कुणीतरी खिडकीचा पडदा सरकवला. उजेडात बंडा उभा होता, केसांत तांदूळ, डोळ्यांतून पाणी, तोंड घट्ट मिटलेलं.

वस्ताद रांगांमधून वाट काढत पुढं आले. त्यांनी बंडाचं मनगट धरलं आणि आखाड्यात जिंकणाऱ्याचा करतात तसा त्याचा हात वर केला.

"निकाली!" वस्ताद म्हणाले.

महांत्याला राहवलं नाही. त्यानं विचारलं, "वस्ताद, पर हारलं कोण?"

वस्तादांनी सगळ्या हॉलवरून एकदा नजर फिरवली.

"हारलेला कवाच घरला गेला," ते म्हणाले. "चला, पानं मांडा."